कायझर्सलाउटर्नचं देणं

भारतातून पाहुणे यायचे ठरले की आपल्या सगळ्यांच्या घरी एकच यादी बाहेर निघते. पॅरिस, स्वित्झर्लंडचा बर्फ, ऱ्हाइनवरची बोट आणि जमलंच तर व्हेनिस. तीस वर्षांत आमच्याकडे आलेल्या एकाही काका-मामाने "आम्हाला कायझर्सलाउटर्न दाखवा" असं म्हटलेलं नाही. त्यांचं चुकतं असंही नाही. लाखभर वस्तीचं हे गाव, ना मोठी नदी, ना आकाशाला भिडणारं चर्च. नाव नीट उच्चारायला शिकेपर्यंत निम्मी सुट्टी संपायची.

तरीही या अंकासाठी लिहायला बसलो तेव्हा आम्हा उभयतांना दुसरं गाव सुचलंच नाही. कारण या गावाचं आम्ही देणं लागतो, आणि ते सात वर्षं थकवून ठेवलं होतं. ते फेडायला नव्हे, निदान कबूल करायला आम्ही गेल्या दिवाळीनंतरच्या शनिवारी तिकडे गेलो. त्याचीच ही हकिकत.

प्रथम थोडं मागे जायला हवं. 1994 साली आम्ही पहिल्यांदा जर्मनीत उतरलो ते कायझर्सलाउटर्नलाच. इथलं विद्यापीठ 1970 चं, म्हणजे वयाने आमच्याहूनही लहान. तिथे संशोधनाची संधी मिळाली आणि साताऱ्याहून दोन बॅगा, एक प्रेशर कुकर आणि 'गुटेन मॉर्गेन' एवढं जर्मन घेऊन आम्ही आलो. गावात मराठी घर एकच होतं. मूळचे मिरजेचे, आमच्याहून दहा वर्षांनी मोठे. त्यांचं नाव इथे लिहिलेलं त्यांना आवडणार नाही. आम्ही त्यांना दादा म्हणतो आणि त्यांच्या पत्नीला वहिनी. ते दोघं पहिल्या दिवसापासून आम्हाला अरे-तुरे करतात.

दादांनी आमच्यासाठी काय केलं याची यादी करू नये, कारण असली यादी करायची नसते. तरी दोन गोष्टी सांगतो. पहिल्या नोव्हेंबरात थंडी कडाडली तेव्हा त्यांनी आम्हाला दुकानात नेलं नाही. आपला जाड कोट आणून दिला आणि म्हणाले, "मला हा घट्ट होतो रे." दादा तेव्हा काटकुळे होते, कोट कुणालाच घट्ट होण्यासारखा नव्हता! दुसरी गोष्ट 1998 च्या फेब्रुवारीतली. रात्री अडीचला सौ.ला कळा सुरू झाल्या. बाहेर गुडघाभर बर्फ आणि आमच्याकडे गाडी नाही. फोन केला. "आलो" एवढा एकच शब्द पलीकडून ऐकू आला, आणि पंधरा मिनिटांत दारात गाडी उभी. पायजम्यावर ओव्हरकोट, पायांत दोन वेगळ्या जोडांचे बूट! लेकीच्या जन्माची गोष्ट आमच्या घरी आजही त्या बुटांपासून सुरू होते.

त्याच वर्षी मे महिन्यात गावाचा फुटबॉल संघ जर्मनीचा विजेता झाला. आदल्याच वर्षी दुसऱ्या श्रेणीतून वर आलेल्या संघाने लगेच अजिंक्यपद जिंकावं असं बुंडेसलिगात त्याआधी कधी झालं नव्हतं, आणि अजूनही पुन्हा झालेलं नाही. रात्रभर गाड्यांचे भोंगे वाजत होते, तीन महिन्यांची लेक रडत होती, आणि आम्ही फुटबॉलला शिव्या देत येरझारा घालत होतो. दादा मात्र पन्नाशीकडे झुकलेला माणूस, गळ्यात लाल मफलर घालून रस्त्यावर नाचत होते.

पुढच्या वर्षी नोकरी मिळाली आणि आम्ही फ्रँकफुर्टजवळ राहायला आलो. दीड तासाचं अंतर. सणावारी जाणं-येणं होतं, फोन होते. आणि मग 2017 साली दादांची नोकरी गेली. एका लहान कंपनीत ते वीस वर्षं संगणकाचं काम करत होते. कंपनी आटोपली. दादा तेव्हा साठीच्या उंबरठ्यावर. निवृत्तीला अजून काही वर्षं बाकी, आणि त्या वयात नवी नोकरी कोण देणार?

बातमी कळली त्या रात्री आम्ही फोन हातात घेतला आणि परत ठेवला. काय बोलायचं? "वाईट झालं" म्हणावं तर त्यांना कमीपणा वाटेल. काही न घडल्यासारखं बोलावं तर ते खोटं. पैसे हवेत का विचारावं तर त्यांचा अपमान. "थोडे दिवस जाऊ देत, त्यांनाच सावरू देत," असं आम्ही एकमेकांना समजावलं. दिवसांचे महिने झाले. आता इतके दिवस फोन केला नाही, तर तो का केला नाही हेही सांगावं लागणार, म्हणून आणखी महिने गेले. दिवाळीला शुभेच्छांचा एक संदेश जायचा, तिकडून उलट एक यायचा. भांडण नाही, रुसवा नाही. नुसती शांतता. वाचकहो, परदेशात मैत्री तुटते ती बहुधा अशीच. आवाज न करता.

ही कोंडी फोडली ती लेकीने. 2023 साली ती त्याच विद्यापीठात संशोधनासाठी गेली. (आता लांडाउचा भाग त्याला जोडून नवं लांबलचक नाव दिलं आहे.) एके दिवशी फोनवर सहज म्हणाली, "काकूंनी आज थालीपिठं दिली." आम्ही विचारलं, "कोण काकू?" तर म्हणे, "अगं आई, मिरजेच्या काकू! दर रविवारी मी त्यांच्याकडेच तर जेवते." वर्षभर आमची मुलगी त्यांच्या घरी जेवत होती आणि त्या दोघांनी तिच्यापाशी आमच्याबद्दल तक्रारीचा अर्धा शब्दही काढला नव्हता. लाज म्हणजे काय ते त्या दिवशी कळलं.

तर असे आम्ही निघालो. सौ.ने चार दिवस खपून फराळाचा डबा भरला होता. त्यात पातळ पोह्यांचा चिवडा जरा जास्तच होता. सुदामाही पोहेच घेऊन गेला होता, पण त्याला निदान आपण मित्राला विसरलो होतो असं तोंडावर सांगायचं नव्हतं.

मानहाइमनंतर गाडी सपाट मुलूख सोडते. नॉयश्टाटपाशी द्राक्षमळे संपतात आणि फाल्त्सचं जंगल सुरू होतं. मग बोगद्यामागून बोगदे. अंधार, मध्येच पिवळी-तांबडी झाडी, पुन्हा अंधार. 1994 मध्ये आम्ही याला 'आपला खंडाळ्याचा घाट' म्हणायचो. या वेळी प्रत्येक बोगद्यात काचेवर आमचेच चेहरे दिसत होते आणि ते पाहवत नव्हते.

स्टेशनवर पाऊस पडत होता. दादा फलाटावरच उभे. केस पांढरे, गुडघा दुखरा, हातात मोठी काळी छत्री. आम्ही वाकून नमस्कार करायच्या आतच म्हणाले, "या या! फ्रिट्झ वाल्टरचं हवामान घेऊन आलात!" आणि जणू आपण गेल्याच आठवड्यात भेटलो होतो अशा थाटात, "घरी नंतर जाऊ. वहिनीचा स्वयंपाक व्हायचाय. आधी डोंगरावर चला. पाच वर्षं इथे राहून तुम्ही एकदाही वर आला नाहीत."

डोंगर म्हणजे बेट्झेनबर्ग. स्टेशनच्या पाठीमागेच उभा आहे. त्याच्या माथ्यावर सुमारे पन्नास हजार माणसं बसतील असं स्टेडियम आहे. अख्ख्या गावातली निम्मी माणसं एका वेळी आत मावतील! गावाच्या कुठल्याही कोपऱ्यातून ते दिसतं. आपल्याकडे डोंगरावर देवी असते, इथे फुटबॉल आहे.

ज्या फ्रिट्झ वाल्टरचं नाव स्टेडियमला आहे तो इथलाच. जन्म 31 ऑक्टोबर 1920 चा. त्याच्या पासष्टाव्या वाढदिवशी, 1985 मध्ये, स्टेडियमला त्याचं नाव दिलं. युद्धात त्याला मलेरिया झाला, त्यामुळे उन्हाळ्याच्या उकाड्यात त्याचा खेळ मंदावायचा आणि पावसात फुलायचा. म्हणून जर्मनीत भर पावसातल्या सामन्याला आजही 'फ्रिट्झ वाल्टरचं हवामान' म्हणतात.

डोंगराच्या पायथ्याशी एक वर्तुळाकार चौक आहे. मधल्या बेटावर अकरा खेळाडूंच्या आकृती उभ्या आहेत. चौकाचं नावच 'अकरा मित्र'. संघात अकरा जण एकमेकांचे मित्र असले पाहिजेत, तरच विजय मिळतो, असं जर्मनीत लहान पोरांनाही सांगतात. हे वाक्य झेप हेर्बेर्गर या जुन्या प्रशिक्षकाच्या नावावर खपतं, पण त्याच्याही आधीपासून ते जर्मन अजिंक्यपदाच्या जुन्या करंडकावर कोरलेलं होतं.

चढ अवघड नाही, पण दादांच्या गुडघ्यामुळे आम्ही थांबत थांबत चढलो. प्रत्येक थांब्यावर ते एक गोष्ट सांगत होते. आम्हालाही ते बरं वाटलं, कारण आम्ही जे बोलायला आलो होतो ते ओठांवर येत नव्हतं.

पहिली गोष्ट 1945 ची. युद्ध संपलं तेव्हा फ्रिट्झ वाल्टर रशियनांचा कैदी होता. रुमानियाच्या सरहद्दीवरच्या सिगेत गावातल्या छावणीत त्याला ठेवलं होतं. तिथून कैद्यांच्या गाड्या सोव्हिएत मुलखातल्या छावण्यांकडे जात, आणि गेलेले किती परत येतील याचा भरवसा नव्हता. छावणीत पहारेकरी फुटबॉल खेळायचे. हाही त्यांच्यात जाऊन खेळला. त्यांतल्या एका हंगेरियन पहारेकऱ्याने त्याला ओळखलं. 1942 मध्ये बुडापेस्टला जर्मनीने हंगेरीला 5-3 असं हरवलं होतं, तो सामना त्याने पाहिला होता. दुसऱ्या दिवशी त्या पहारेकऱ्याने रशियन अधिकाऱ्याला सांगितलं, की हा माणूस जर्मन नाहीच, झारलांट प्रांताचा आहे. अशी ही हकिकत सांगितली जाते. यादीतून नाव निघालं, आणि ऑक्टोबर 1945 मध्ये फ्रिट्झ वाल्टर कायझर्सलाउटर्नला घरी पोचला.

"विचार करा," दादा म्हणाले, "ज्याने आपल्या संघाला आपल्याच गावात हरवलं त्या माणसासाठी हा खोटं बोलला. ओळख काय, तर नव्वद मिनिटांची."

या गोष्टीला पुढचा भाग आहे. 1956 मध्ये हंगेरीत उठाव झाला, रशियन रणगाडे घुसले आणि हंगेरीचे नामवंत फुटबॉलपटू परदेशात अडकले. तेव्हा त्यांच्या सामन्यांची व्यवस्था पाहायला आणि पैशाची बाजू सांभाळायला जे पुढे आले त्यांत फ्रिट्झ वाल्टर होता. ज्या पहारेकऱ्याने वाचवलं त्याला तो शोधू शकत नव्हता, म्हणून त्याच्या देशाच्या पोरांना त्याने हात दिला. दादांचा गुडघा त्या वाक्याला पुन्हा थांबला. आम्हाला आमची लेक आणि तिची रविवारची थालीपिठं आठवली.

दुसरी गोष्ट जर्मनीत सगळ्यांना ठाऊक आहे, पण तिच्यातली मैत्रीची बाजू आम्ही पहिल्यांदाच ऐकली. 1954 च्या मे महिन्यात कायझर्सलाउटर्नचा संघ जर्मन अजिंक्यपदाच्या अंतिम सामन्यात हानोव्हरकडून 1-5 असा सडकून हरला. विश्वचषक काही आठवड्यांवर. हेर्बेर्गर राष्ट्रीय संघाचा प्रशिक्षक. हरलेल्या संघातली माणसं कशाला नेता, असा ओरडा झाला. हेर्बेर्गरने ऐकलं नाही. फ्रिट्झ वाल्टर, त्याचा भाऊ ऑटमार, वेर्नर लीब्रिश, वेर्नर कोलमायर आणि होर्स्ट एकेल, अशी याच गावची पाच माणसं त्याने स्वित्झर्लंडला नेली आणि अंतिम सामन्यात पाचही जणांना खेळवलं.

फ्रिट्झ हळवा माणूस. हरला की मनाला लावून घ्यायचा, पुन्हा खेळायला नको म्हणायचा. श्पीट्स गावात तळ्याकाठच्या हॉटेलात संघ उतरला होता. हेर्बेर्गरने त्याच्या खोलीत सोबती म्हणून कुणाला ठेवावं? हेल्मुट रानला. एसेनचा हा गडी म्हणजे चेष्टेखोर, गाणारा, नकला करणारा, कुणालाही न जुमानणारा. त्याला काही उपदेश करायला पाठवलं नव्हतं. त्याने फक्त त्या खोलीत असायचं होतं. साखळीत जर्मनी हंगेरीकडून 3-8 अशी हरली. 4 जुलैला बर्नमध्ये अंतिम सामन्यात गाठ पुन्हा हंगेरीशीच. आठ मिनिटांत हंगेरी 2-0 ने पुढे. आणि पाऊस कोसळत होता. पुढचं जगाला माहीत आहे. 2-2 झाले, आणि चौऱ्याऐंशीव्या मिनिटाला शेवटचा गोल मारला तो त्याच खोलीसोबत्याने, रानने. युद्ध हरून मान खाली घातलेल्या देशाने नऊ वर्षांनी पहिल्यांदा मान वर केली असं त्या दिवसाबद्दल म्हणतात.

फ्रिट्झला त्यापूर्वी माद्रिदच्या आत्लेतिको संघाकडून मोठ्या रकमेचं बोलावणं आलं होतं. तेव्हा जर्मनीत फुटबॉलवर पोट भरत नसे. तरी तो गेला नाही. इथल्या बोलीत 'देहेम इस देहेम' असं म्हणतात, म्हणजे घर ते घर. ते त्याचंच वाक्य म्हणून लोक सांगतात. आम्ही मात्र चांगला पगार मिळताच इथून गेलो होतो. आमचं जाणं चूक नव्हतं. न परतणं चूक होतं.

वर पोचलो. स्टेडियमपाशी त्या पाच जणांचं स्मारक आहे. पावसात ओलं, चकाकणारं. दादा बराच वेळ त्यांतल्या एकाकडेच पाहत होते. म्हणाले, "हा कोलमायर. याची गोष्ट कुणी सांगत नाही."

वेर्नर कोलमायर बचावफळीत डावीकडे खेळायचा. त्याच विश्वचषकात युगोस्लाव्हियाविरुद्ध त्याने गोलरेषेवरून चेंडू परतवले होते. खेळ संपला आणि त्याचं आयुष्य घसरत गेलं. दारू लागली, संसार मोडला, नोकऱ्या सुटल्या. शेवटी माइन्झमध्ये एका वृत्तपत्राच्या छापखान्याच्या इमारतीत तो दरवान होता. मार्च 1974 मध्ये तो गेला. वय 49. बर्नच्या अकरा जणांतला जाणारा पहिला. त्यानंतर चारच महिन्यांत जर्मनीने दुसऱ्यांदा विश्वचषक जिंकला.

"खाली चौकात अकरा मित्र उभे आहेत," दादा म्हणाले, "आणि त्यांतला एक असा गेला. मित्रांनी प्रयत्न केले नसतील असं मी म्हणत नाही. मला ते माहीत नाही. पण नोकरी गेली तेव्हा मी इथे येऊन उभा राहायचो, आणि मला फ्रिट्झ दिसायचा नाही. हाच दिसायचा."

आता आणखी थांबण्यात अर्थ नव्हता. सौ.च म्हणाली, "दादा, आमचं चुकलं. तेव्हा आम्ही यायला हवं होतं."

आम्हाला वाटलं होतं ते नेहमीसारखं "छे छे, काय बोलतेस" म्हणून हसण्यावारी नेतील. तसं ते म्हणाले नाहीत.

"चुकलं हे खरं आहे," ते म्हणाले. "रविवारी फोन वाजला की वाटायचं, तुमचाच. वहिनी तर वर्षभर म्हणत होती, त्यांचंच काही बिनसलं असेल, तूच फोन कर. मी नाही केला. मलाही संकोच. म्हणजे माझंही चुकलं."

"काय बोलावं ते कळत नव्हतं हो दादा."

"अगं, बोलायचं कशाला होतं? यायचं, चहा घ्यायचा, माझ्याबरोबर एक मॅच बघायची आणि सहाच्या गाडीने परत जायचं. नोकरी थोडीच आणून द्यायची होती? रानने फ्रिट्झला काय दिलं? खोलीत दुसऱ्या माणसाचं घोरणं!"

आम्ही तिघंही हसलो, आणि हसता हसता सौ.ने पदर नव्हता म्हणून मफलर डोळ्यांना लावला. पावसाचं एक बरं असतं.

मग त्यांनी सांगितलं की त्या दिवसांत त्यांना कुणी धरून ठेवलं. 2018 मध्ये गावाचा संघ तिसऱ्या श्रेणीत घसरला. चार वेळा जर्मनीचा विजेता झालेला संघ, आणि आता लहान लहान गावांच्या संघांशी सामने. 2020 मध्ये क्लबचं दिवाळंही निघालं. तरी लोक हजारोंनी डोंगर चढतच होते. दादाही जात. पश्चिमेकडच्या उभ्याच्या स्टँडवर त्यांच्या शेजारी एक निवृत्त टपालवाला असायचा. त्याने कधी विचारलं नाही, तुम्ही काय करता, नोकरी मिळाली का. फक्त दादांची जागा धरून ठेवायचा आणि मध्यंतरात थर्मासमधली कॉफी अर्धी अर्धी करायचा. पुढे दीड वर्षाने दादांना कमी पगाराचं का होईना, काम मिळालं. पण ते दीड वर्ष त्या अर्ध्या कॉफीवर निघालं असं ते म्हणतात.

गंमत पुढेच आहे. इतकी वर्षं शेजारी उभे राहूनही दोघं एकमेकांना 'झी' म्हणजे अहो-जाहोच करत होते. आपल्याला माहीतच आहे, जर्मन माणूस 'फ्रॉइंड' हा शब्द सोन्यासारखा मोजून वापरतो. बाकी सगळे 'बेकान्टे', म्हणजे ओळखीचे. आपण पहिल्याच भेटीत 'आमचे मित्र' म्हणून मोकळे होतो, आणि यांचं थंडपण पाहून नावं ठेवतो. 2022 च्या मे महिन्यात संघ तिसऱ्या श्रेणीतून परत वर आला. त्या रात्री टपालवाल्याने दादांपुढे हात केला आणि आपलं पहिलं नाव सांगितलं. म्हणजे आजपासून 'दू'. अरे-तुरे. "त्या 'दू'ची किंमत मला कळते," दादा म्हणाले. "तो मला वाईट दिवसांत मिळाला होता, फक्त सांगितला चांगल्या दिवशी."

घरी पोचलो तर लेक आधीच स्वयंपाकघरात, त्या घरची असल्यासारखी ताटं घेत होती. वहिनींनी आम्हाला पाहिलं, फराळाचा डबा हातातून घेतला, उघडला, चिवड्याचा बकाणा भरला आणि म्हणाल्या, "मीठ कमी आहे." बस्स. सात वर्षांचा हिशेब तेवढ्यात मिटला. जेवायला फाल्त्सच्या पद्धतीचं बटाट्याचं सूप, त्यात वहिनींनी जिऱ्याची फोडणी घातलेली, आणि पुरणपोळी. सूप-पुरणपोळीचा मेळ कसा बसतो ते कायझर्सलाउटर्नलाच जाऊन पाहावं.

संध्याकाळी स्टेशनवर दादांनी शेवटची गोष्ट सांगितली. म्हातारपणी फ्रिट्झ वाल्टर, आणि त्याच्यानंतर होर्स्ट एकेल, हेर्बेर्गरच्या नावाने स्थापन झालेल्या संस्थेतर्फे तुरुंगांत जाऊन कैद्यांना भेटत. फ्रिट्झची पत्नी इतालिया 2001 च्या डिसेंबरात गेली आणि सहा महिन्यांत, जून 2002 मध्ये, तोही गेला. अकरा जणांतला शेवटचा होता एकेल. 2021 च्या डिसेंबरात तोही गेला. आता त्या चौकात फक्त आकृती उरल्या आहेत.

परतीच्या बोगद्यांत आम्ही दोघं फारसं बोललो नाही. इतकी वर्षं आम्ही समजत होतो की मित्राच्या अडचणीत काहीतरी योग्य बोलावं लागतं, काहीतरी द्यावं लागतं, आणि ते आपल्यापाशी नसेल तर दूर राहणंच सभ्यपणाचं. कायझर्सलाउटर्नने आम्हाला या वयात शिकवलं, की खरा मित्र रिकाम्या हातानेही येतो. त्याच्यापाशी उत्तर नसलं तरी चालतं. तो जागा धरून ठेवतो, अर्धी कॉफी देतो, रात्री अडीचला दोन वेगळ्या जोडांचे बूट घालून दारात उभा राहतो. न येण्याचं सौजन्य हे सौजन्य नसतं. तो आपलाच भित्रेपणा असतो.

मंडळी, आपल्यापैकी प्रत्येकाचं एक कायझर्सलाउटर्न असेल. दीड तासावर असेल नाहीतर सात समुद्रांपलीकडे. एखादं घर, जिथे पहिल्या थंडीत तुम्हाला कोट मिळाला होता आणि जिथे फोन करायचा राहून गेला आहे. अंक मिटून ठेवाल तेव्हा तेवढा फोन करा. काय बोलायचं ते ठरवू नका. पलीकडून "हॅलो" आलं की आपोआप सुचतं.

आणि कायझर्सलाउटर्नला गेलात तर छत्री न्या, डोंगर चढून वर जा, आणि पाचांपैकी कोलमायरपाशी क्षणभर थांबा. पुढच्या महिन्यात आम्हीही तिथे असू. दादांनी मॅचची तिकिटं काढली आहेत. चिवड्यात मीठ नीट घालायची ताकीदही वहिनींकडून आली आहे.